मध्यावर एक बोट

आमच्या सरांच्या शर्टाच्या खिशात पेन कधीच नसायचं. पेन ते कुणाकडूनही मागून घेत आणि परत द्यायला विसरत. खिशात असायची प्लॅस्टिकची एकफुटी पट्टी. ती खिशातून पार हनुवटीपर्यंत वर यायची. मान खाली घालून काही बघायला गेले की ती त्यांना टोचायची आणि ते दर वेळी हळूच 'सॉरी' म्हणायचे. कुणाला म्हणायचे ते मला दोन वर्षांत कळलं नाही. बहुतेक पट्टीलाच.

सर इमारतींचे सांगाडे काढून द्यायचे. म्हणजे खांब किती जाड, तुळया किती खोल, सळया किती, असं सगळं. ऑफिस पंचवटीत, भाजी बाजाराच्या मागच्या गल्लीत, भांड्यांच्या दुकानाच्या वर. जिना इतका अरुंद की वर येणारा आणि खाली जाणारा यांच्यात आधी बोलणी व्हावी लागत. सर सगळ्यांना अहो-जाहो करत. जिन्यात एक कुत्रा झोपायचा, त्यालाही "सरकता का जरा?" असं विचारून थांबायचे. कुत्रा सरकायचा नाही. मग सरच त्याला ओलांडून जायचे, आणि त्यांचे पाय इतके लांब होते की कुत्र्याला त्याचा पत्ताही लागत नसे.

मुलाखतीला मी सगळी सूत्रं पाठ करून गेले होते. माझी शाळा इंग्रजी माध्यमाची, कॉलेजही इंग्रजीच. मराठीत मी घरी जेवायला मागते आणि रिक्षावाल्याशी भांडते, तेही मनातल्या मनात. सरांनी मार्कशीट बघितली नाही. खिशातली पट्टी काढली, टेबलावर उभी धरली, वर तळहात ठेवला आणि म्हणाले, "मी आता दाबणार आहे. ही कुठे वाकेल? तुमच्या बाजूला की माझ्या?"

मी पट्टीकडे बघत राहिले. खालच्या दुकानात कुणीतरी पातेली वाजवून बघत होतं. बराच वेळ गेला. शेवटी मी म्हणाले, "माहीत नाही."

"उद्यापासून या," सर म्हणाले.

माझ्या आधी पाच जण येऊन गेले होते, असं नंतर कळलं. पाचही जणांनी ठामपणे बाजू सांगितली होती. "सरळ उभ्या पट्टीला स्वतःलाच ठाऊक नसतं ती कुठे जाणार ते," सरांचं म्हणणं, "मग यांना कुठून कळलं?" मला नोकरी लागली ती ज्ञानामुळे नव्हे, घाबरून गप्प बसल्यामुळे, हे मी घरी सांगितलं नाही.

सरांचं सगळं इंजिनिअरिंग एका भीतीभोवती फिरायचं. ते म्हणायचे, जाड वस्तू मोडण्याआधी कुरकुर करते. तडे जातात, आवाज येतो, आपल्याला पळायला वेळ मिळतो. उंच आणि बारीक वस्तू तसं काही करत नाही. ती शेवटपर्यंत गुणी मुलासारखी ताठ उभी असते आणि मग एकाएकी बाजूला होते. कॉलेजात याला आम्ही 'बकलिंग' म्हणत होतो आणि त्यावर सोळा मार्कांचा प्रश्न यायचा. सर मात्र साइटवरच्या लोकांसारखं 'पोट येणं' म्हणायचे. टेकूला पोट आलं. पत्र्याला पोट आलं. पहिल्यांदा फोनवर "खांबाला पोट येईल हो," असं ते काळजीनं म्हणाले, तेव्हा मला वाटलं घरी कुणाच्या तब्येतीचं काही आहे.

पट्टीचा धडा प्रत्येक नव्या माणसाला मिळायचा. गिऱ्हाइकाला, सिमेंटवाल्याला, एकदा कुरिअर द्यायला आलेल्यालाही. सर पट्टी दाबायचे, ती धनुष्यासारखी वाकायची. सोडली की टप्पकन सरळ. "बघा, कुणावर राग नाही," असं म्हणून ते परत दाबायचे. मग सांगायचे, "आता मध्यावर एक बोट लावा. जोर नका लावू. नुसतं असू द्या."

बोट लावलं की पट्टी वाकायचीच नाही. सर तळहात लाल होईपर्यंत दाबायचे.

"बोटाला काही लागलं?"

"नाही."

"लागणार नाही. भार सगळा पट्टीच घेते. बोट काही करत नाही, नुसतं तिथे असतं. आता काढा."

बोट काढलं की पट्टी सटकून उडायची आणि बहुतेक वेळा समोरच्या कॅलेंडरवर जाऊन आपटायची. त्या कॅलेंडरवर दर महिन्याची एकादशी फाटलेली असायची.

पट्टी सापडली नाही तर सर खराटा घ्यायचे. त्यातली एक काडी उपसून दोन बोटांत दाबायची, ती वाकली की मोडून अर्धी करायची आणि परत दाबायची. "अर्धी केली की बळ चौपट," हे वाक्य ते इतक्या आनंदानं म्हणायचे, जणू त्यांनी ते त्याच सकाळी शोधून काढलंय. ऑफिस झाडणाऱ्या मावशींना हा शोध मान्य नव्हता. खराटा महिन्याला निम्मा व्हायचा. एकदा नवीन मुलगी शिकायला आली आणि सरांनी काडी उपसली. ते तोंड उघडायच्या आत जमिनीवर बसलेल्या मावशी म्हणाल्या, "अर्धी केली की चौपट. आता द्या ती इकडे, कोपऱ्यातला कचरा राहिलाय."

सर स्वतः सहा फुटांच्या वर आणि अंगानं पट्टीच. मी हे कधी बोलून दाखवलं नाही, पण गोदावरीच्या पुलावर वारा सुटला की मी स्कूटरवर मागे बसून त्यांच्या पाठीकडे काळजीनं बघायची.

त्यांच्या पॅन्टच्या डाव्या खिशात सुतळीचा गुंडा असायचा. उंच, बारीक आणि एकटं उभं असलेलं काही दिसलं की त्याला मध्यावर शेजाऱ्याशी बांधून टाकायचं, ही त्यांची सवय. त्यांनी बांधलेल्या वस्तूंत ऑफिसच्या पडद्याचा दांडा, खालच्या दुकानाच्या बोर्डाचे पाय आणि गल्लीतल्या एका गणपती मंडळाची कमान यांचा समावेश होता. आमच्याकडे ड्रॉइंग करणाऱ्या मुलाच्या लग्नाला आम्ही गेलो, तेव्हा सर वधूवरांना भेटण्याआधी मांडवाच्या मागे गेले. वीस मिनिटांनी परत आले ते हात झटकत. जेवणाच्या बाजूला मांडवाचे पाच खांब त्यांनी कमरेच्या उंचीवर सुतळीनं जोडून टाकले होते. पाहुण्यांना वाटलं, ही रांग लावण्यासाठीची सोय आहे. बघता बघता सुतळीच्या कडेनं पन्नास माणसं ताटं नसताना शिस्तीत उभी राहिली. रांगेच्या तोंडाशी जेवण नव्हतं, जनरेटर होता. नवऱ्याच्या मामांनी येऊन विचारलं, हे कुणी केलं. सर बासुंदी खाण्यात गुंतलेले होते. मी चपलांकडे बघत होते.

हे सगळं मी हसत सांगते आहे, पण मी तिथे होते तोवर मला त्यांचा थोडा राग होता. दोन वर्षांत त्यांनी मला साइटवर कधी काही बोलायला सांगितलं नाही, आणि स्वतःही फारसे बोलले नाहीत. "बघा," एवढंच म्हणायचे. मी बघायची, वहीत लिहायची, सही करायची. ठेकेदाराला सांगायची वेळ आली की चिठ्ठी लिहून द्यायची. ते मला सोयीचंच होतं. माझा आवाज चार माणसांपलीकडे जात नाही, आणि पाचवा माणूस नेहमी ठेकेदार असतो.

मखमलाबादकडे फुलांची शेती करणारं एक कुटुंब होतं. गुलाब आणि झेंडू. रस्ता आणि मळा यांच्या मधोमध त्यांनी फुलं निवडायला, बांधायला एक मोठा हॉल उभारायला घेतला होता. त्याचं छत अठरा फुटांवर, कारण पुढे कधी आत ट्रक आणायचा होता. इतक्या उंचीवर काँक्रीट ओतायचं म्हणजे खाली लोखंडी टेकूंचं जंगल उभारावं लागतं. ओलं काँक्रीट स्वतःला सावरू शकत नाही. ते घट्ट होईपर्यंत सगळं वजन टेकूंवर. आणि टेकू म्हणजे मनगटाएवढे पाइप, एकावर एक जोडलेले. म्हणून त्यांना मध्ये दोन ठिकाणी आडवे पाइप बांधतात. साइटवर त्यांना नुसतं 'आडवे' म्हणतात. स्लॅबच्या दोन दिवस आधी मी एकेक टेकू मोजला, प्रत्येकाला आडवे आहेत हे बघितलं, खडूनं खुणा केल्या आणि सही केली.

स्लॅबच्या सकाळी सर आणि मी पोचलो तेव्हा दारात पाट मांडला होता, हळदीकुंकू, नारळ. वर सळयांवर वीसेक माणसं घमेली आणि फावडी घेऊन तयार. घरच्या आजी हातात ताट घेऊन उभ्या होत्या. मुहूर्त नऊ वीसचा.

मी सवयीनं आत गेले. मधल्या दोन ओळींचे आडवे नव्हते. खालचेही नाहीत, वरचेही नाहीत. जमिनीवर हातगाडीच्या चाकांचे माग होते आणि झेंडूच्या पाकळ्या पडल्या होत्या.

काय झालं ते कळायला वेळ लागला नाही. दसरा दोन दिवसांवर आला होता. मळ्यातून रस्त्याकडे जायची एका बाजूची वाट कुंपणाच्या भिंतीनं बंद, दुसऱ्या बाजूला हॉलच्या भरावासाठी आणलेला मुरमाचा ढीग. फुलं बाजारात जायला उरला फक्त हॉलचा मधला रस्ता. फुलांचे क्रेट आडव्यांना अडकत होते, म्हणून पहाटे घरच्यांनी आडवे काढले आणि टेकूंच्या मधून हातगाडी नेली. अजून चार खेपा राहिल्या होत्या. म्हणून आडवे भिंतीशी रचून ठेवले होते, अगदी नीट.

मी बाहेर आले. सर मुरमाच्या ढिगापाशी पेरू खात उभे होते. मी सांगितलं. त्यांनी आत डोकावून बघितलं, खूप वेळ बघितलं आणि विचारलं, "सही कुणाची आहे?"

"माझी."

"मग बघा," ते म्हणाले, आणि पेरूत परत शिरले.

मी ठेकेदारापाशी गेले. आडवे लागल्याशिवाय काँक्रीट टाकता येणार नाही, असं म्हणाले.

"आँ?"

मी परत म्हणाले. या वेळी इंग्रजीत निघालं.

"मॅडम, मराठीत बोला ना," ठेकेदार म्हणाला. "आडवे? अवो दोन ओळींचं काय घेऊन बसलात. बाकी समदं बांधलेलं हाय. या इकडं." त्यानं मला आत नेलं आणि एका टेकूला लाथ मारली. "हलला का? डोंगर हाय डोंगर."

टेकू खरंच हलला नाही. सगळे टेकू सरळ होते, इतके सरळ की बघून बरं वाटावं. मला तेच बघवत नव्हतं.

तेवढ्यात काँक्रीटची गाडी आली आणि आम्ही बाहेर आलो. तिचं पिंप फिरत होतं. ड्रायव्हर खाली उतरला आणि म्हणाला, लवकर खाली करून घ्या, ऊन चढलं की माल आतच धरेल, दगड होईल. घरातला मोठा मुलगा आला. "काय झालं? आडवे लावले तर गाडा कसा जाणार? दसऱ्याचा माल हाय, ताई. वर्षभराचं यावर हाय आमचं." आजी आल्या. "पोरी, मुहूर्त टळतोय गं." वरची माणसं खाली वाकून बघायला लागली. ठेकेदार सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हणाला, "मॅडमनी पुस्तकात वाचलंय."

लोक हसले. मीही थोडी हसले, आणि त्याची मला अजून लाज वाटते. त्या क्षणी मी 'करा' म्हणणार होते. शब्द जिभेवर आला होता. फार तर दोन ओळी, फार तर अर्धा दिवस. मी वर बघितलं. एका माणसानं घमेलं उलटं घालून त्यावर बूड टेकलं होतं आणि तो पाय हलवत होता. मधल्या ओळींच्या बरोबर वर.

मग माझ्या उजव्या बाजूला सावली पडली. सर येऊन उभे राहिले होते. पेरू संपला होता. ते काही बोलले नाहीत. माझ्याकडे बघितलंही नाही.

"साहेब," ठेकेदार म्हणाला, "तुम्ही सांगा ना यांना."

"त्या सांगतील तसं," सर म्हणाले.

मी न बघता हात पुढे केला. सरांनी त्यात पट्टी ठेवली.

ठेकेदाराला सांगण्यात अर्थ नव्हता. मी आजींकडे गेले. खाली बसून पूजेच्या पाटावर पट्टी उभी धरली. "आजी, वरून दाबा."

आजींनी ताट सुनेकडे दिलं आणि समोर बसून दाबलं. पट्टी वाकली.

"आता परत दाबा." मी मध्यावर बोट लावलं.

आजींनी दाबलं. आणखी जोरानं दाबलं. मग माझ्या बोटाकडे बघितलं, पट्टीकडे बघितलं, आणि सरळ उठून हॉलमध्ये जाऊन वर नजर टाकली.

"हे टमाट्यासारखं हाय," त्या म्हणाल्या.

कुणाला काही कळलं नाही. मलाही नाही.

"टमाट्याचे बांबू रे. मधली तार सुटली की काय होतं?" त्यांनी मुलाला विचारलं. "गेल्या साली काय झालं? माल धरला, वजन आलं, अन् ओळच्या ओळ झोपली. वर तार होती की तेव्हा. मधली नव्हती. तू म्हणला होतास, एका तारेनं काय होतंय."

मुलगा भिंतीशी रचलेल्या आडव्यांकडे बघायला लागला.

"आडवे लावा," आजी म्हणाल्या. "अन् क्रेट डोक्यावर घ्या. ढिगावरून न्या. हात मोडले का कुणाचे?"

"आई, मुहूर्त…"

"मुहूर्त नारळाचा असतो, सिमेटाचा नाय." असं म्हणून त्यांनी नऊ वीसला पाटावर नारळ फोडला, सगळ्यांना खोबरं वाटलं आणि पदर खोचला.

मग मुरमाच्या ढिगावरून माणसांची साखळी झाली. घरच्या सुना, मुलं, वरून उतरलेले मजूर, सगळे हातोहात क्रेट पुढे देत होते. सर साखळीच्या मध्यावर, ढिगाच्या टोकाशी, सगळ्यांपेक्षा दोन फूट वर. मुरमात पाय घसरला की ते दोन्ही बाजूंच्या माणसांना "सॉरी" म्हणायचे. आत आडवे लागत होते. मी प्रत्येक क्लॅम्प ओढून बघत होते. काँक्रीटवाला दर दहा मिनिटांनी घड्याळ दाखवत होता. दीड तास गेला. मग पंप सुरू झाला.

स्लॅब दुपारी पूर्ण झाला. काहीही पडलं नाही. जिलबी वाटताना ठेकेदार माझ्यासमोर येऊन म्हणाला, "बघा मॅडम, काय झालं? काय नाय झालं. उगा दीड तास घालवला."

आमच्या कामाची हीच अडचण आहे. चुकलात तर सगळ्या गावाला दिसतं, आणि बरोबर असलात तर त्याचा कुठेच पुरावा राहत नाही.

परत येताना सिग्नलला स्कूटर थांबली तेव्हा मी मागून विचारलं, "सर, पडला असता का हो?"

सर विचार करायला लागले. लाल दिवा गेला, हिरवा लागला. मागून हॉर्न वाजायला लागले. एक रिक्षावाला बाजूनं जाताना काहीतरी बोलून गेला.

"माहीत नाही," सर म्हणाले, आणि स्कूटर सुरू केली.

मागच्या वर्षी सरांनी ऑफिस बंद केलं. आता ते ओझरला मुलीकडे राहतात. मुलीची तक्रार आहे की घरातला खराटा टिकत नाही आणि गच्चीतले कपड्यांचे बांबू कुणीतरी एकमेकांना बांधून ठेवतं, त्यामुळे चादरी वाळत घालता येत नाहीत. मी आता दुसरीकडे काम करते. माझा आवाज पाचव्या माणसापर्यंत जातो, सहाव्याचं अजून जमलेलं नाही.

परवा एका साइटवर तोच ठेकेदार भेटला. चार लोकांत त्यानं माझी ओळख करून दिली. "या मॅडम. यांनी माझा दीड तास वाया घालवला होता, मखमलाबादला. अन् काय झालं? काय नाय." सगळे हसले. मी नाही हसले, पण संध्याकाळी मात्र मला फारच लागलं, म्हणून मी सरांना फोन केला. इतक्या वर्षांत पहिल्यांदा कुणाची तक्रार केली. "तो अजून तेच म्हणतो, सर. सगळ्यांना सांगत फिरतो."

पलीकडून टप्पकन एक आवाज आला. पट्टी सरळ झाल्याचा.

"त्या दिवशी खाली कोण उभं होतं हो?" त्यांनी विचारलं. "स्लॅब भरताना. टेकूंवर लक्ष ठेवायला."

मला आठवावं लागलं. "तोच, सर. ठेकेदार."

"हं," सर म्हणाले. "मग म्हणू द्या त्यांना. म्हणायला आहेत ना ते."